हजेरीपट हायकोर्टात

मला नोकरी लागून जेमतेम सहा महिने झाले होते आणि मी अजून कायम झाले नव्हते, तेव्हाची ही गोष्ट. लग्न होऊन मी मयेला आले होते. रोज सकाळी डिचोलीला येऊन पणजीची बस धरायची आणि तिथल्या एका सरकारी खात्यात संध्याकाळपर्यंत टाइपरायटर बडवायचा, हे माझं काम. निवृत्त शिक्षकांच्या पेन्शनच्या फायली आमच्या खोलीत असत. असत म्हणजे कुठेतरी असत. मागितल्या की सापडायच्या नाहीत.

एका गुरुवारी आवक विभागातला शिपाई एक लांबट पाकीट घेऊन आला. हेडक्लार्कनी ते उघडलं, वाचलं, चष्मा काढून पुसला आणि परत वाचलं. मग त्यांनी चहाचा कप तसाच बाजूला सारला. हे मी पूर्वी कधी पाहिलं नव्हतं.

"कधी आलंय हे?" त्यांनी शिपायाला विचारलं.

"तीन आठवडे झाले. दुसऱ्या गठ्ठ्यात गेलं होतं."

ती हायकोर्टाची नोटीस होती. पेडणे आणि डिचोली तालुक्यांतले सहा निवृत्त शिक्षक कोर्टात गेले होते. गोवा मुक्त झाल्यावर सुरुवातीची काही वर्षं ते गावकऱ्यांनी चालवलेल्या मराठी शाळांत शिकवत. पुढे सरकारने त्या शाळा आपल्याकडे घेतल्या, शिक्षकांनाही घेतलं, पण आधीची वर्षं हिशेबात धरली नाहीत. कोर्टाने शिक्षकांच्या बाजूने निकाल दिला होता: ती वर्षं धरा आणि तीन महिन्यांत पेन्शन ठरवा. त्याला आता आठ महिने होऊन गेले होते. शिक्षक पुन्हा कोर्टात गेले, ह्या वेळी आदेश पाळला नाही म्हणून. आणि कोर्टाने खातेप्रमुखांना फर्मावलं होतं की सोमवारी सकाळी साडेदहाला स्वतः हजर राहा आणि न्यायालयाच्या अवमानाबद्दल तुमच्यावर कारवाई का करू नये ते सांगा.

आमच्या खातेप्रमुखांना, म्हणजे साहेबांना, येऊन दोनच महिने झाले होते. ते मितभाषी होते, कुणावर आवाज चढवत नसत. त्या दिवशीही चढवला नाही. आमच्या खोलीच्या दारात येऊन एवढंच म्हणाले, "मला सोमवारी पिंजऱ्यात उभं राहायचंय. फाईल उद्या सकाळी माझ्या टेबलावर पाहिजे."

आणि काय सांगू, ऑफिसला जाग आली! जिन्याखालची कपाटं उघडली, गठ्ठे सुटले, धूळ उडाली, शिंका सुरू झाल्या. आठ महिने न सापडलेली फाईल शुक्रवारी सकाळी साडेनऊला रद्दीत घालायला बांधलेल्या गाठोड्यात सापडली. सहापैकी पाच जणांचे जुने दाखले तिच्यातच होते. ते पूर्वीच दिलेले होते, कुणी पानच उलटलं नव्हतं. दुपारपर्यंत पाच जणांची पेन्शन ठरवून तयार! मी सकाळपासून टाईप करत होते आणि मला थकवा वाटत नव्हता. काहीतरी घडतंय, आणि ते आपल्या हातांखालून घडतंय, असं मला पहिल्यांदाच वाटत होतं.

मग हेडक्लार्कनी कोर्टात द्यायच्या प्रतिज्ञापत्राचा कच्चा कागद माझ्यापुढे ठेवला. पाच परिच्छेद पाच जणांचे. सहावा, वर नाव आणि शाळेचं गाव लिहून, असा: 'याचिकादार क्रमांक सहा यांच्या सदर कालावधीतील सेवेचा कोणताही पुरावा उपलब्ध नाही. सबब ती सेवा धरता येत नाही.'

नाव टाईप केलं. शाळेचं गाव टाईप करायला लागले आणि माझी बोटं थांबली.

मोपाच्या पठाराच्या कडेला माझं माहेर. आमची शाळा देवळाच्या अग्रशाळेत भरायची, म्हणजे जत्रेला येणारे पाहुणे उतरायचे त्या लांब खोलीत. आणि आमच्या बाई रोज सकाळी पठार तुडवत दुसऱ्या गावाहून यायच्या, पायांना तांबडी माती, डोक्यावर छत्री. गाव त्यांना पगार देई तो अर्धा पैशांत आणि अर्धा तांदळात. त्यांनी मला पाढे शिकवले, कविता शिकवली, आणि शाई पुसताना बोट चाटायचं नाही हेही शिकवलं. क्रमांक सहा म्हणजे त्या बाई.

"सर," मी म्हटलं, "ह्या बाई त्या शाळेत होत्या. मी त्यांच्या वर्गात होते."

हेडक्लार्कनी वर पाहिलं. "तेव्हा तुझं वय काय?"

"सात."

"सात वर्षांच्या पोरीच्या साक्षीवर सरकार पेन्शन देत नाही. टाईप कर."

ते वाईट नव्हते. पुढच्या वर्षी त्यांना स्वतःलाच निवृत्त व्हायचं होतं आणि त्यांना कसलीही भानगड नको होती. मीही कायम नव्हते. मी उरलेली ओळ टाईप केली. मग कागद मशीनमधून ओढून काढला आणि सरळ साहेबांच्या खोलीत गेले. कशी गेले ते आजही मला कळत नाही. चपलांचा आवाज मात्र आठवतो.

"साहेब, हा सहावा परिच्छेद खोटा आहे."

साहेबांनी पेन खाली ठेवलं. मी एका दमात सगळं सांगितलं: अग्रशाळा, तांदूळ, छत्री.

"तू म्हणतेस ते खरं असेल," साहेब म्हणाले. "पण मी शपथेवर लिहितोय. मला कागद पाहिजे. शाळेचा हजेरीपट, पगाराची पावती, काहीतरी. आहे?"

"शोधते."

"कधी?"

"उद्या परवा सुट्टी आहे. सोमवारी सकाळी आणते."

"सोमवारी दहा," साहेब म्हणाले. "दोन प्रतिज्ञापत्रं तयार ठेव. एक हे, आणि एक बाईंची सेवा मान्य करणारं. दहापर्यंत कागद आला तर दुसऱ्यावर सही करीन. नाही आला तर ह्याच्यावर."

शनिवारी सकाळी मी नवऱ्याला उठवलं. तो सुर्ल्याच्या खाणीवर ट्रक भरून घ्यायच्या कामावर सुपरवायझर होता. आठवडाभर तांबडी धूळ खाऊन शनिवारी त्याला उशिरापर्यंत झोपायचं असे.

"काम सरकारचं, पेट्रोल माझं," तो म्हणाला, पण स्कूटर काढली. अस्नोड्याला गरम पाव घेतले, कोलवाळचा पूल ओलांडला आणि नऊच्या सुमाराला आम्ही बाईंच्या घरी पोचलो. त्या भाच्याकडे राहत होत्या. सोप्यावर बसून नाचणी निवडत होत्या. केस पांढरेशुभ्र झाले होते, पाठ मात्र तशीच ताठ.

मी नाव सांगितलं. त्यांनी माझ्याकडे बघून विचारलं, "गोवर झालेला तो तुलाच ना? पंधरा दिवस आली नव्हतीस."

मला हसू आलं आणि रडूही आलं. मी कुठे नोकरी करते ते सांगितलं, तेव्हा त्यांचा हात सुपातच थांबला.

"म्हणजे 'पुरावा नाही' म्हणून मला तीन पत्रं पाठवली ती तू टाईप केलीस?"

"शेवटचं मी केलं असेन, बाई. नाव वाचलं नव्हतं. खरंच वाचलं नव्हतं."

मी घाईघाईने साहेबांचं बोलणं सांगितलं, सोमवार सांगितला, दहा वाजता सांगितलं. "बाई, आपल्या शाळेचा हजेरीपट कुठे आहे?"

"आहे की," बाई शांतपणे म्हणाल्या. "तुझ्याच गावात. नाटकाच्या पेटीत."

मग बाईंनी सांगितलं. आमच्या शाळेच्या कमिटीचे सेक्रेटरी गावच्या जत्रेसाठी नाटकं लिहायचे. त्या काळात कोऱ्या वह्या घ्यायला पैसे कुठले? हजेरीपटाच्या पानांच्या पाठच्या बाजू कोऱ्या होत्या. सेक्रेटरींनी शेवटचं नाटक तोंडी सांगितलं आणि बाईंनी ते सुवाच्य अक्षरात त्या पाठकोऱ्या बाजूंवर उतरवून घेतलं. वर्षभराने सेक्रेटरी वारले. तेव्हापासून ती वही त्यांच्या धाकट्या भावाकडे, नाटकाच्या कपड्यांच्या पेटीत होती. दर जत्रेला ती बाहेर निघायची, तालमी झाल्या की परत आत.

"मग तुम्ही मागितली का नाही?"

"मागून ती जाणार कुठे? सरकारात. सरकारात गेलेला कागद परत आलेला तू बघितलायस?"

मी मान खाली घातली. रद्दीचं गाठोडं डोळ्यांपुढे होतं.

"त्याच्या भावाचं एवढंच उरलंय त्याच्याकडे," बाई म्हणाल्या. "माझ्या पेन्शनसाठी ते घालवायचं?"

"बाई, मी परत आणून देईन. माझ्या हातांनी."

त्यांनी सूप बाजूला ठेवलं. मग उठल्या आणि आत जाऊन लुगडं बदलून आल्या. स्कूटरवर तिघं बसायची सोय नव्हती. नवऱ्याने आधी बाईंना नेलं, मग मला न्यायला परत आला. तोपर्यंत मी रस्त्यात उभी राहून चुळबुळत होते.

धाकटे भाऊ म्हणजे सत्तरीचे आजोबा. सगळं गाव त्यांना मास्तर म्हणे, शाळेचे नव्हे, नाटकाचे. बाईंनी सगळं सांगून मग हजेरीपट मागितला. मास्तरांनी पेटी उघडली. मुकुट, दाढ्या, लाकडी तलवारी, आणि सगळ्यांत खाली कापडात गुंडाळलेली ती जाड वही. त्यांनी ती छातीशी धरली.

"मी देवचंय नाय," ते म्हणाले. "ह्या वहीत माझो भाव आसा."

"एक दिवसापुरती," मी म्हटलं. "तोवर तुम्हाला झेरॉक्स काढून देते."

"झेरॉक्स हजेरीची काढ. तुका हजेरी खरी होयी, माका नाटक खरां होया. पान एकच."

कोर्टाला मूळ वही लागणार होती आणि त्यांनाही मूळ वहीच हवी होती. मी रडकुंडीला आले. तेव्हा बाई पुढे झाल्या.

"इतकी वर्षं मी तुमच्याकडे काही मागितलं नाही," त्या म्हणाल्या. "तुमच्या भावाने सांगितलं ते मी लिहिलं. सबंध पावसाळा लिहीत होते. आता पानांची पुढची बाजू माझी आहे, तेवढी मला दाखवू द्या."

मास्तरांनी वही काखेत मारली. मग एकदम म्हणाले, "तर मगे मीच येतंय. वही माझ्या काखेत ऱ्हवतली. न्यायाधीशाक बघूची आसात तर माझ्या हातात बघूंदे."

त्यांनी आम्हाला तिथेच पानं दाखवली. महिन्यागणिक खाली बाईंची सही, चार वर्षं आणि दोन महिने, एकही महिना गाळलेला नाही. आणि मुलांच्या यादीत माझं माहेरचं नाव, त्याच्यापुढे ओळीने पंधरा 'गै'. मी नवऱ्याला ते बोट लावून दाखवलं. तो म्हणाला, "तेव्हापासूनच दांड्या मारतेस तर!"

सोमवारी मी नऊलाच ऑफिसात पोचले. मास्तर आणि बाई पहाटेच्या बसने पेडण्याहून निघणार होते. साडेनऊ झाले. पावणेदहा झाले. मी जनेलातून रस्त्याकडे बघत होते. दहाला पाच कमी असताना साहेबांनी दोन्ही प्रतिज्ञापत्रं मागवली. मी ती समोर ठेवली.

"आले?"

"येतायत, साहेब."

साहेबांनी घड्याळाकडे पाहिलं. दहा वाजले. दहा वाजून चार मिनिटं झाली. त्यांनी पेनाचं टोपण काढलं आणि पहिला कागद पुढे ओढला. मी परत जनेलाकडे धावले, ऑफिसच्या शिस्तीचा काही विचार न करता, आणि खाली बघते तर रस्त्यावरून बाई येतायत, जवळजवळ पळतच, आणि त्यांच्यामागे मास्तर! मास्तरांच्या अंगावर नाटकातल्या प्रधानाचा बंद गळ्याचा जरीच्या काठाचा कोट, आणि काखेत वही.

"आले!" मी ओरडले. सबंध ऑफिसने ऐकलं.

म्हापशाला बस बंद पडली होती. मास्तर धापा टाकत होते तरी वही त्यांनी सोडली नाही. साहेबांच्या टेबलापाशी उभं राहून त्यांनी स्वतः एकेक पान उलटलं आणि साहेबांनी वाकून एकेक सही बघितली. सगळ्या सह्या बघून झाल्यावर त्यांनी पहिलं प्रतिज्ञापत्र उभं आडवं फाडलं आणि दुसऱ्यावर सही केली.

"चला," ते म्हणाले. "तूही चल."

मी कोर्टाची पायरी तेव्हा पहिल्यांदा चढले. उंच छत, गरगरणारे पंखे, काळ्या कोटांची गर्दी. बाकी पाच निवृत्त शिक्षक आधीच मागच्या बाकावर बसले होते. आमचं नाव पुकारलं. साहेब पुढे जाऊन उभे राहिले. दोन न्यायमूर्ती होते. त्यांतले वयाने मोठे होते त्यांनी कागद चाळून इंग्रजीतून विचारलं, "आठ महिने तुमचं खातं काय करत होतं?"

सरकारी वकील काहीतरी सांगू लागले. न्यायमूर्तींनी त्यांना हातानेच थांबवलं. "मी साहेबांना विचारतोय."

"माझ्याकडे उत्तर नाही," साहेब म्हणाले. "मी येऊन दोन महिने झाले, पण ते कारण होऊ शकत नाही. विनाअट माफी मागतो. सहाही जणांची सेवा मान्य केली आहे. क्रमांक सहाचा पुरावा शनिवारी मिळाला. तो आम्ही शोधायला पाहिजे होता, त्यांनी नव्हे."

न्यायमूर्तींनी तो पुरावा बघायला मागितला. कोर्टाचा माणूस मास्तरांकडून वही घ्यायला आला आणि मास्तरांनी मान हलवली. शिक्षकांच्या वकिलांनी त्यांच्या कानात काही सांगितलं, बाईंनीही सांगितलं. शेवटी मास्तरांनी वही दिली, पण स्वतः उठून तिच्यामागोमाग पुढे गेले आणि तिथेच उभे राहिले. कोर्टाच्या माणसाने त्यांना मागे सारायला हात पुढे केला, तेव्हा न्यायमूर्ती म्हणाले, "राहू द्या त्यांना."

ते पानं उलटू लागले. एकदा पुढून, एकदा मागून. मग थांबले आणि मराठीतून विचारलं, "हे पाठीमागे काय आहे?"

"नाटक, साहेब," मास्तर म्हणाले. "तीन अंकी."

लोक हसले. न्यायमूर्तींनी बाईंना पुढे बोलावलं. "सह्या तुमच्या?"

"माझ्याच," बाई म्हणाल्या. वर्गात उभ्या राहायच्या तशा उभ्या होत्या. "आणि नाटकाचं अक्षरही माझंच. जुळवून बघा."

त्यांनी खरोखर जुळवून बघितलं! शेजारच्या न्यायमूर्तींनाही दाखवलं. मग आदेश सांगितला: माफी नोंदवून घेतली, सहाही जणांची थकबाकी चार आठवड्यांत द्यावी, दिल्याचा अहवाल कोर्टापुढे ठेवावा, तोवर अवमानाचं प्रकरण उघडं राहील. आणि वही इथल्या इथे तपासून, प्रमाणित प्रत काढून, लगेच मालकाला परत करावी. तो शेवटचा भाग त्यांनी मास्तरांकडे बघून पुन्हा मराठीतून सांगितला.

बाहेर पायऱ्यांवर सहाही शिक्षक एकमेकांचे हात धरून बोलत होते, सगळे एकदम, कुणाचं कुणाला ऐकू येत नव्हतं. डिचोलीचे एक गुरुजी, चार दिवसांमागे डोळ्याचं ऑपरेशन झालेले, हिरवी पट्टी बांधून आले होते आणि मला विचारत होते, "काय झालं? परत सांग. सगळं परत सांग." मी तीन वेळा सांगितलं. साहेब गाडीकडे जाता जाता बाईंपाशी थांबले.

"बाई, कोर्टाने चार आठवडे दिलेत. मी तीनमध्ये करतो."

"बघूया," बाई म्हणाल्या.

मग सगळे भाजीपाव खायला गेले आणि मलाही ओढून घेऊन गेले. ऑफिसात परत जायला मला दोन वाजले. हेडक्लार्कनी वर पाहिलं आणि सहा सर्व्हिस बुकं माझ्या टेबलावर सरकवली.

तीन आठवड्यांनी साहेबांनी शब्द पाळला. सहाही आदेश मी टाईप केले, प्रत्येक नाव मोठ्याने वाचून. बाईंना रक्कम मिळाली त्या दिवशी त्या भाच्याला घेऊन म्हापशाला गेल्या आणि स्वतःसाठी एक चांगली आरामखुर्ची घेऊन आल्या. एवढंच मी ऐकलं. दुसऱ्या कुठल्या खर्चाचं त्यांनी कधी सांगितलं नाही, मीही विचारलं नाही.

आमच्याकडे मात्र कामाला तोंड फुटलं. साहेबांनी तालुक्यांना पत्रं पाठवली: गावशाळांत शिकवलेले जे कोणी असतील त्यांनी अर्ज करा, पुरावा शोधायला खातं मदत करील. 'खातं' म्हणजे मी, हे मला नंतर कळलं. त्या वर्षी कितीतरी शनिवार मी नवऱ्याच्या स्कूटरवर मागे बसून गावोगाव फिरले. पगाराच्या पावत्या एका भजनी मंडळाच्या चोपड्यात मिळाल्या, एका शाळेचा पत्रव्यवहार एका पसऱ्यावर, म्हणजे गावातल्या दुकानात, तांदळाच्या पोत्यांमागे मिळाला. शाळेचं एक सबंध रजिस्टर तर सुर्ल्यातच, नवऱ्याच्या खाणीच्या ऑफिसात, त्याच्या रोजच्या बसायच्या जागेशेजारच्या कपाटात निघालं. त्या दिवशी परत येताना तो सारखा हसत होता, आणि मी मागून ते रजिस्टर दोन्ही हातांनी घट्ट धरून त्याला सांगत होते, सावकाश चालव, खड्डे बघ.